नीलाकाकूंचा डॅनिश

अमेरिकेतल्या नेपरव्हिलच्या आमच्या मराठी मंडळाला आवाजाचं व्यसन आहे. स्पीकर फाटेस्तोवर वाजवायचा आणि वर म्हणायचं, संस्कृती जपतोय. नीलाकाकूंचे कान गेले, त्या यायच्या बंद झाल्या. कुणाला शष्प फरक पडला नाही.

पडला तो नरेंद्रकाकांना. बायको दिवसभर घरात मुकी बसते, हे त्या रिटायर्ड डॉक्टरला बघवेना. त्यांनी कुठूनसा एक जुनापुराणा डॅनिश मूकपट शोधला आणि कमिटीच्या मानगुटीवर बसून हॉलमध्ये लावायला लावला. मला म्हणाले, "हिला एकदा तरी सगळ्यांइतकंच ऐकू येऊ दे. नाही रमली, तर पुन्हा आग्रह करणार नाही."

पडद्यावर एक कोळीण. वादळात बुडाला असं धरून चाललेला नवरा कित्येक वर्षांनी दारात उभा. दोघं बोलतायत, मग संवादाची पाटी येते. तीही डॅनिशमध्ये!

"काका, सबटायटल्स कुठायत यार?" ओजस ओरडला.

काकांचा चेहरा उतरला. पाट्यांचं त्यांच्या ध्यानातच आलं नव्हतं. लोकांनी फोन काढले. मागच्या रांगेत काकूंनी पर्स उचलली.

"काय म्हणतेय कोण जाणे ती बया," शेजारी बसलेल्या शैलजामावशी काकूंकडे वळून वैतागल्या.

काकू गेली कित्येक वर्षं ओठ वाचून जगतायत. त्यांनी पडद्याच्या उजेडात मावशींचे ओठ वाचले आणि बहिऱ्या माणसाच्या खणखणीत आवाजात उत्तर दिलं, "म्हणतेय, 'आत्ता आठवण झाली होय घराची?'"

हॉल हशाने फुटला.

"आणि तो?"

"तो विचारतोय, जेवायला काय आहे."

"काकू, ते डॅनिश बोलतायत!" ओजस.

"तोंड इकडे करून बोल रे!" तो उठून समोर आला, पुन्हा म्हणाला. काकू म्हणाल्या, "असेनात डॅनिश. नवरा तो नवराच."

मग काय, "काकू, आता?" "काकू, सासू काय म्हणाली?" सगळा हॉल पडद्याकडे पाठ करून काकूंकडे तोंड करून बसला. एवढी साधी गोष्ट. इतक्या वर्षांत एकालाही सुचली नव्हती, मीही त्यातलाच.

सिनेमा संपला. काका पुढ्यात येऊन सावकाश म्हणाले, "निघायचं?"

"तुम्ही व्हा पुढे, गाडी गरम करा. शैलजा सुनेचं सांगतेय."

काका बर्फात गेले. गाडी कधीच गरम झाली असणार. काकू काही हलेनात.