दाणा पाहणारी काच

मी एक जुनी काच आहे. खिडकीची नाही, आरशाची नाही आणि चष्म्याची तर नाहीच नाही. तळहाताएवढी, चौकोनी, कडा घासून गुळगुळीत केलेली. एका कोपऱ्याचा टवका उडालेला आहे, पण त्याची मला फारशी लाज वाटत नाही. मित्रांनो, तुम्ही चहात जी साखर घालता तिचा दाणा एकसारखा कसा असतो, याचा कधी विचार केला आहे का? नसेलच केला. कुणीच करत नाही. म्हणून तर मला स्वतःची गोष्ट स्वतःच सांगावी लागते आहे.

श्रीगोंद्याकडच्या एका साखर कारखान्यात ऑफिसची खिडकी वाऱ्याने आपटली आणि फुटली. झाडणारा माणूस तुकडे भरून टाकणार, एवढ्यात बिभीषण नावाच्या एका तरुणाने मला उचललं. मग दोन दिवस तो मला ओल्या दगडावर घासत बसला. मला वाटलं, काय वेडा माणूस आहे! पण तो नुकताच पॅनवर कामाला लागला होता आणि त्याला स्वतःची काच हवी होती.

पॅन म्हणजे दोन मजली उंच लोखंडी भांडं. त्यात उसाचा पाक शिजतो. आतली हवा काढून घेतलेली असते, त्यामुळे तो कमी आचेवर उकळतो आणि करपत नाही. त्या पाकात साखरेचा दाणा धरवायचा आणि नेमका हवा तेवढा वाढवायचा, हे पॅनमनचं काम. बिभीषण दांडीने पाकाचा थेंब काढायचा, माझ्यावर पसरायचा आणि मला दिव्यासमोर धरायचा. दाणे कसे चमकायचे म्हणून सांगू! तो एक डोळा बारीक करून बघायचा आणि म्हणायचा, "अजून धा मिनिटं." दहा मिनिटांनी पॅन सोडला की साखर अशी उतरायची की बघत राहावं.

असे आम्ही चौतीस हंगाम काढले. बिभीषणाचे सगळ्यांनी तात्या केले. पुढे पॅनवर संगणकाचे पडदे आले, आकडे दिसू लागले. तरी चीफ केमिस्ट साहेब हटकून विचारायचे, "तात्या, आकडे राहू द्या, काच काय म्हणते?" त्या वेळी मला काय वाटायचं ते विचारू नका. मी जरा शेफारलेच होते.

मग तात्या निवृत्त झाले. शाल, श्रीफळ, भाषणं, सगळं यथासांग झालं. मुलगा आदिनाथ नगरला एका कंपनीत इंजिनिअर. सावेडीत तिसऱ्या मजल्यावर त्याचा फ्लॅट. तो आईवडिलांना मोठ्या मायेने तिथे घेऊन गेला. पहिल्याच दिवशी त्याने सांगून टाकलं, "तात्या, जन्मभर राबलात. आता कशालाही हात लावायचा नाही. मस्त आराम करायचा."

मुलगा लाखात एक होता, मित्रांनो. त्याच्याबद्दल मी वाईट बोलणार नाही. पण त्याने शब्दशः तसंच केलं. दूध दारात, भाजी दारात, विजेचं बिल मोबाईलवर. तात्या गळका नळ खोलून बसले तर त्याने त्यांच्या हातातला पाना काढून घेतला आणि फोन करून प्लंबर बोलावला. तात्यांनी जेवलेलं ताट घासायला घेतलं तर म्हणाला, "अहो तात्या, लोक काय म्हणतील?" मलाही त्याने स्वच्छ धुतलं, लाल मखमलीवर चिकटवलं आणि दिवाणखान्यातल्या शोकेसमध्ये ठेवलं. पाहुणे यायचे, बघायचे, वा म्हणायचे. पहिले काही दिवस मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू?

तात्यांना मात्र उतरती कळा लागली. एकच वर्तमानपत्र ते तीनदा वाचायचे. मग वाचेनासे झाले. दाढी आठवड्यावर गेली. टीव्ही चालू असायचा आणि हे भिंतीकडे बघत बसायचे. एकदा त्यांच्या पत्नी रतनबाईंनी जेवताना विचारलं, "भाजी कशी झालीय?" तर तात्या म्हणाले, "कंची भाजी?" आणि भाजीचा घास तर त्यांच्या तोंडात होता. रतनबाई उठून स्वयंपाकघरात गेल्या आणि पदर तोंडाला लावून रडल्या. मी काचेच्या दाराआडून सगळं बघत होते. माझ्या जिवाचं पाणी पाणी झालं.

रक्त तपासलं, छातीची पट्टी काढली. सगळं ठणठणीत. शेवटी कुणीतरी स्टेला मॅडमचं नाव सुचवलं. त्या मनाच्या डॉक्टर. पहिल्या भेटीत तात्या त्यांच्याशी धड बोललेच नाहीत. तेव्हा मॅडम म्हणाल्या होत्या, "पुढच्या वेळी तुमच्या कामातली एखादी वस्तू घेऊन या." म्हणून तात्यांनी मला मखमलीवरून सोडवलं आणि किती तरी दिवसांनी मी त्यांच्या खिशात बसले.

मॅडमनी मला हातात घेऊन विचारलं, "हिचं काय करायचं असतं?"

झालं! तात्या जे सुटले ते पाऊण तास थांबले नाहीत. पाक कसा, दाणा कसा, नको तेव्हा बारीक, खोटा दाणा उठला तर तो कसा विरघळवायचा. बोलताना त्यांची पाठ ताठ झाली होती. मॅडमनी सगळं ऐकलं आणि हळूच विचारलं, "हे हल्ली कुणाला सांगता?"

तात्यांनी मला उचलून खिशात ठेवलं. मग म्हणाले, "कुनाला सांगनार? मला काय बी कमी न्हाई, मॅडम. पोरगं लई जपतं. पन सकाळी डोळं उघडलं की वाटतं, आपुन न्हाई उठलो तरी कुनाचं काय अडतंय?"

आदिनाथ शेजारीच बसला होता. मॅडम त्याला म्हणाल्या, "तुम्ही त्यांची काळजी घेता, ते दिसतंय. पण त्यांनी कुणाची काळजी घ्यायची? गरज लागली तर मी गोळ्याही देईन. गोळ्यांनी झोप लागेल. उठावंसं वाटायला मात्र दुसरं काहीतरी लागेल, आणि त्याला फार उशीर करू नका."

त्याच आठवड्यात राहीबाईंचा फोन आला. राहीबाई म्हणजे रतनबाईंची मावसबहीण. श्रीगोंद्याच्या बाजूला त्यांचं गुऱ्हाळ आहे. त्यांचा गूळ शिजवणारा गुळव्या ऐन हंगामात सोडून गेला होता. "दाजी, मोकळंच हायसा न्हवं? या की!"

आदिनाथ आडवाच आला. "मानाने रिटायर झालेला माणूस गुऱ्हाळावर धुरात उभा राहणार? मला नाही चालायचं!"

"मग काय ह्या काचंवानी शोकेसमदी बसू?" तात्या ओरडले. त्या घरात त्यांचा आवाज पहिल्यांदाच चढला होता. अखेर दहा दिवसांवर तडजोड झाली. पण आदिनाथने बजावलं, काही बिघडलं की मी न्यायला येणार, आणि मग पुन्हा हा विषय काढायचा नाही. तात्यांनी मान हलवली आणि मला खिशात टाकलं. हे दहा दिवस हुकले तर पुढे काय, ते त्यांनाही ठाऊक होतं आणि मलाही.

आणि पहिल्याच काहिलीला घात झाला. काहील म्हणजे गुळाची मोठी उघडी कढई. खालच्या चुलाणात पिळलेल्या उसाची चिपाडं धडधडत होती, पाक फसफसत वर येत होता. राहीबाईंनी पाण्यात बुडवलेलं बोट चटकन पाकात घालून अंदाज घेतला आणि म्हणाल्या, "दाजी, उतरवा आता." तात्यांनी माझ्यावर थेंब घेतला आणि मला उन्हात धरलं. एकही दाणा नव्हता. "थांब राहीबाई. दाना धरू दे अजून." नात्याने दाजी, त्यात चौतीस वर्षांचा पॅनमन. त्याला कसं टोकायचं? राहीबाई मनातल्या मनात चरफडल्या. तात्या पुन्हा पुन्हा मला बघत राहिले. गुळाचा दाणा काहील उतरवून पाक निवू लागल्यावर धरतो, हे त्यांच्या ध्यानातच नव्हतं. आणि हा काही हवा काढलेला बंद पॅन नव्हता. बघता बघता पाक काळा पडला आणि धूर डोळ्यांत गेला.

"आवं दाजी, ह्यो गूळ हाय, तुमची साखर न्हाई!" आता मात्र राहीबाईंचा संयम सुटला. "अख्खी काहील जाळली की वो!"

मी खरं तेच दाखवलं होतं, मित्रांनो. दाणा नव्हताच. पण तिथे मला विचारायचंच नव्हतं. तात्या चिपाडाच्या ढिगावर जाऊन बसले आणि त्यांनी आदिनाथला फोन लावला. "उद्या ये न्यायला. माझ्याच्यानं आता काय बी हुईना." एवढं बोलून त्यांनी फोन ठेवला. तो आवाज ऐकून मला ब्रह्मांड आठवलं.

सकाळी त्यांनी पिशवी भरली. राहीबाई चहा घेऊन आल्या आणि पिशवीकडे बघून म्हणाल्या, "निगालात? जावा खुशाल. पन काहील कोन घासनार? पाक तुमी जाळला, मी का म्हनून घासू?"

तात्या खजील झाले. त्यांनी बाह्या वर सारल्या आणि काहिलीत उतरले. विटेच्या तुकड्याने खरवडून खरवडून त्यांच्या हाताची सालटं निघाली. दुपारपर्यंत काहील लख्ख झाली. राहीबाई म्हणाल्या, "घासलीच हाय तर रस बी वता." रस ओतला, जाळ लागला, मळी सुटावी म्हणून राहीबाईंनी रसात चुना टाकला, वर आलेली मळी काढून झाली. मग राहीबाईंनी त्यांचं बोट धरून शिकवायला सुरुवात केली. बोटं पाण्यात, मग चटकन पाकात, पुन्हा पाण्यात. तात्या दोनदा भाजले, फुंकर मारत नाचले. बासष्टाव्या वर्षी! पाकाची गोळी कडक होऊन ताटात टणकन वाजली तेव्हा दोघंही एकदमच ओरडले, "उतरवा!"

गूळ निवला. सोन्यासारखा पिवळा. राहीबाईंनी एक खडा तात्यांच्या हातावर ठेवला. तात्यांनी तो सावकाश चघळला. "चांगला हाय. पन थोडा खारट लागतोय. उद्या चुना कमी घाल."

"बघा! काल काहील जाळली आन् आज मला शिकवाया लागलं!"

तात्या हसले. खो खो हसले, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. तेव्हाच आदिनाथची गाडी येऊन उभी राहिली होती. तो दार उघडून एक पाय खाली टाकून तसाच थांबला. दोन वर्षांत त्याने हे हसू ऐकलं नव्हतं. मग तो जवळ आला आणि चाचरत म्हणाला, "तात्या... पिशवी घेऊ गाडीत?"

"आरं, उद्या चार गाड्या ऊस येनार हाय. ही बाई एकटी काय काय बघंल?" तात्यांनी खिशातून मला काढलं. "हिला तेवढी घेऊन जा. हितं हिचं काम न्हाई."

मला वाईट वाटलं. खरंच वाटलं, लपवत नाही. चौतीस वर्षं ज्या हातात काढली त्या हाताने मला इतक्या सहज दुसऱ्याकडे दिलं. पण त्या हाताकडे मी नीट पाहिलं. भाजलेला, सोललेला, चिकट. किती दिवसांनी तो हात कामाला लागला होता. माझा राग तिथेच विरघळला.

आदिनाथने मला खिशात टाकलं, पण तो निघाला नाही. वडिलांची भरलेली पिशवी त्याने उचलून परत आत नेऊन ठेवली. मग म्हणाला, "तात्या, सोमवारी घरी याल ना? तो नळ पुन्हा गळतोय. प्लंबरला काही जमलं नाही."

"त्याला काय जमतंय!" तात्या म्हणाले. "पाना माझ्या पेटीत हाय. हात लावू नको, मी आल्यावर बघतो."

मित्रांनो, माझ्यासारख्या वस्तू पुसून जपून ठेवा. आम्हाला ते आवडतं आणि तेवढं पुरतंही. माणसाला ते पुरत नाही. आज घरी गेलात की तुमच्या आजी-आजोबांकडे, आईवडिलांकडे खरंच अडलेलं एखादं काम घेऊन जा. त्यांना बरं वाटावं म्हणून काढलेलं खोटं काम नको, त्यांना ते लगेच कळतं. आणि त्यांच्या हातून ते बिघडलं, तर एकच करा. काम काढून घेऊ नका. त्यांचं त्यांना निस्तरू द्या.