नदीचा तिसरा भाग

बँडमास्तर एवेलिओंनी कोलंबियातल्या कौका नदीवर मोठी संगीतरचना बांधली होती. पहिल्या भागात डोंगरातला उगम, दुसऱ्यात बगळे आणि पूर. तिसऱ्या भागाची पानं वाटताना ते म्हणाले, "ही ती वर्षं, नदीतून मारलेली माणसं वाहत यायची ती. इथे ढोल नको, नुसता युफोनियम. नोएमी, हे तुझं."

आठ सुरांची साधी ओळ. नोएमीला आपल्या पितळी वाद्यावर ती तीनदा धरता आली नाही.

"काय गं, तीस वर्षं फुंकतेस आणि आज दम संपला?" शेजारी बसणाऱ्या खिल्दार्दोने क्लॅरिनेट पुसत विचारलं.

त्याच्याकडे बघून तिचा श्वास आणखीच अडकला. त्याचा थोरला भाऊ, याच बँडमधला, त्याच वर्षांत नाहीसा झाला होता. त्यांच्या आईने मरेपर्यंत दाराला कडी लावली नाही.

कॉफीच्या सुट्टीत ती त्याला व्हरांड्यात घेऊन गेली.

"मी बारा वर्षांची होते. बाबांच्या होडीला एक जण वाहत येऊन अडकला. बाबांनी बांबूने ढकलून दिला."

"सगळेच ढकलायचे. बाहेर काढणाऱ्यालाच बंदूकवाले मारायचे."

"पिवळा शर्ट होता. खिशावर आपल्या बँडचा बिल्ला."

खिल्दार्दोने कप कठड्यावर ठेवला. "तोंड पाहिलंस?"

"नाही. बाबांनी माझं डोकं खाली दाबलं."

"मग तो नसेलही."

"रोजच्या शर्टावर बिल्ला लावून दुसरं कोण हिंडायचं?"

त्याने कठड्यावरचा कप दूर सारला. मग म्हणाला, "तीस वर्षं मांडीला मांडी लावून बसतेस. आई जाऊन सहाच वर्षं झाली. तिला तरी सांगायचंस."

बाबांनी त्यानंतर कधी मासा खाल्ला नाही, हे तिच्या ओठांवर आलं होतं. पण ते सारवासारव केल्यासारखं वाटलं असतं, म्हणून तिने गिळलं.

पुढच्या तालमींना तो आला नाही. चौकातल्या कार्यक्रमाला मात्र गणवेश घालून आला आणि पार टोकाला, ट्रम्पेटवाल्यांजवळ बसला.

तिसरा भाग आला. नोएमीने आठही सूर न तुटता वाजवले. संपलं समजून कुणीतरी टाळी वाजवली, पाठोपाठ बाकीच्यांनीही. मास्तरांनी हात वर करून लोकांना गप्प केलं. तिने टोकाकडे पाहिलं. खिल्दार्दोची नजर कागदावर होती. पुढे क्लॅरिनेटची जागा आली, तिथे त्याने बरोबर सूर लावला.

कार्यक्रमानंतर तो क्लॅरिनेटची पेटी बंद करून तिच्यापाशी आला.

"कुठल्या वळणावर?"

"धक्क्याच्या खाली. केळीची बाग होती तिथे."

"उद्या सकाळी दाखव."

ती हो म्हणाली, तोवर तो वळून चालू लागला होता.