झोळी डावीकडे होती

"उमा, ती आली की तिच्या चेहऱ्याकडे नीट बघ. नाराज दिसते का, तेवढंच मला सांग."

ऑर्डनन्स फॅक्टरीच्या क्लबात दिवे मालवायच्या आत विष्णुपंतांनी सुनेला हे तिसऱ्यांदा बजावलं. मी त्यांच्या मागच्याच रांगेत होतो. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, आणि वय ब्याऐंशी म्हणून डॉक्टर ऑपरेशनला तयार नव्हते. पडदा म्हणजे त्यांना नुसता पांढरा चौकोन.

हा माणूस एके काळी मूकपटांचा नायक आणि दिग्दर्शक होता, हे अंबरनाथच्या आमच्या कॉलनीत कुणी मनावर घेतलं नव्हतं. आम्ही त्यांना पाहिलं ते स्टोअरमध्ये नटबोल्ट काढून देताना. बोलपट आले आणि त्यांच्या किनऱ्या आवाजाने घात केला. पाच चित्रपट केले, एकही उरला नाही, असं ते सांगत तेव्हा आम्ही गालातल्या गालात हसायचो. मग सत्त्याऐंशी साली पुण्याच्या कुणा संग्राहकाला गोदामात त्यांचं एक रीळ सापडलं, नऊ मिनिटांचं, आणि आमची तोंडं बंद झाली. मला त्या हसण्याची अजून लाज वाटते.

त्या रिळात कुंदाकाकू होत्या. ऐन वेळी नटी आली नाही म्हणून विष्णुपंतांनी बायकोलाच उभं केलं होतं. त्यापायी काकूंचं माहेर तुटलं ते कायमचं. काकू त्याबद्दल कधी बोलल्या नाहीत, पण त्यांचा मुलगा श्रीपाद, फॅक्टरीतला मोठा ऑफिसर, बापाशी कामापुरतंच बोलायचा. माझ्या आईला तुम्ही जबरदस्तीने नाचवलंत, असं त्याने दोन वर्षांपूर्वी काकूंच्या तेराव्याला चारचौघांत सुनावलं होतं. आजही तो बसला नव्हता, दाराशी उभा होता.

"तुम्ही तेव्हाच बघितलं असेल ना, बाबा?" उमाने हळूच विचारलं.

"तेव्हा मी उजेड बघत होतो गं. तिला कुठे बघितलं?"

क्लबात सिनेमे दाखवणाऱ्या दौलतरावांनी प्रोजेक्टर सुरू केला. आधी तरुण विष्णुपंत आले, मिशा पिळत, कमरेला तलवार लावून. पोरं खिदळली. मग काकू आल्या, वीस वर्षांच्या, हातात आरतीचं तबक, आणि पोरं गप्प झाली. काकूंचे ओठ हलले. मागोमाग पाटी आली, 'नाथ, विजयी होऊन या.'

"नाराज नाहीत, बाबा," उमा म्हणाली. "पण तुमच्याकडे बघतच नाहीयेत. दुसरीकडेच बघून हसतायत."

विष्णुपंत ताठ बसले. "कुठल्या बाजूला?"

"डावीकडे."

"झोळी डावीकडे होती." तो किनरा आवाज सगळ्या हॉलला ऐकू गेला. "आंब्याला बांधली होती. कॅमेरा सुरू झाला आणि पोरगं रडायला लागलं. म्हणून ती म्हणाली, 'रडू नको रे राजा, आलेच.' आवाज थोडाच उमटणार होता? मी शॉट तसाच ठेवला."

रीळ संपलं, दिवे लागले, तरी कुणी उठलं नाही. श्रीपाद दारापासून दौलतरावांपर्यंत गेला आणि परत एकदा लावता का, असं त्याने विचारलं. ऑफिसरांनी कुणाला विनंती केलेली आम्ही प्रथमच ऐकली. मग तो पुढे आला, बापाच्या खांद्यावर क्षणभर हात ठेवला, आणि पहिल्या रांगेतल्या अगदी डावीकडच्या खुर्चीवर जाऊन बसला. छप्पन वर्षांचा, केस पिकलेला माणूस.

दिवे गेले. पुन्हा तलवार, पुन्हा मिशा, पुन्हा तबक.

"श्रीपाद," विष्णुपंतांनी अंधारात विचारलं, "नाराज आहे का रे?"



"नाही, बाबा. हसतेय."