कुलुपं सांभाळणारा भित्रा डबा

मित्रांनो, मी एक जुना काळा डबा आहे, आणि स्वभावानं भित्रा आहे. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढं सांगताना माझा आवाज कापला तर तुम्ही हसणार नाही. एका पांढऱ्या मोटारगाडीत, स्टिअरिंगच्या खाली, प्लास्टिकच्या झाकणामागं मी राहतो. गॅरेजवाले मला बीसीएम, म्हणजे बॉडी कंट्रोल मॉड्यूल, म्हणतात. बाकीच्यांना मी आहे हेच माहीत नसतं. माझ्या मालकांनाही कितीतरी वर्षं माहीत नव्हतं.

इंजिनाचं कौतुक सगळे करतात, टायरला लाथ मारून त्याची चौकशीही करतात. माझं काम मात्र मलाच सांगावं लागतं. तुम्ही गाडीत बसून काचेचं बटण दाबता आणि तुम्हाला वाटतं, बटणानंच काच उतरली. तसं नसतं. बटण फक्त मला निरोप पाठवतं. मी तो वाचतो आणि काचेच्या मोटारीला हुकूम देतो. वायपर, हॉर्न, इंडिकेटर, आतला दिवा, चारी दारांची कुलुपं, या सगळ्यांचे निरोप तारांमधून माझ्याकडं येतात आणि हुकूम माझ्याकडून जातात. मला डोळे नाहीत. झाकणापलीकडचं बोलणं ऐकू येतं, न दिसलेलं सगळं मी त्यावरूनच जाणतो, पण हुकूम द्यायचा तो तारेतून येईल त्यावरच. म्हणून तर मी भितो. तारेनंच खोटं सांगितलं, तर मी काय करणार?

माझा जन्म एका मोठ्या कारखान्यात झाला. तिथं एक केससुद्धा पडू नये म्हणून सगळे डोक्याला टोपी घालायचे. मला भट्टीत तापवलं, बर्फासारखं गार केलं, हादरवलं, आपटलं. त्या सगळ्यातून मी पार पडलो. घाबरलो तो अगदी शेवटी. मला खोक्यात भरणारी बाई शेजारणीला म्हणाली, "याला ओल तेवढी लागू नये गं. ओल लागली की हा भलतंच काहीतरी करतो." ते शब्द मनात घेऊनच मी जगात आलो.

पहिल्या मालकाकडं काही वर्षं बरी गेली. मग गाडी धुळाप्पानं घेतली आणि मी अणदूरला आलो. धुळाप्पाचं घराणं मेंढरं राखणाऱ्यांचं, तो स्वतः जनावरांच्या दवाखान्यात नोकरीला. घरात त्याची आई तारामती, बायको करिश्मा आणि नुकतीच बोलायला लागलेली लेक समृद्धी. माणसं मी त्यांच्या हातावरून ओळखतो. धुळाप्पा हॉर्न अगदी हलका वाजवायचा, रस्त्यातली मेंढरं बुजू नयेत म्हणून. करिश्मा प्रत्येक दार ओढून बघायची. आणि तारामती दार असं आपटायची की माझी हाडं खिळखिळी व्हायची.

पण माझं कौतुक केलं ते तिनंच. दार उघडलं की आतला दिवा लागायचा आणि ती हरखून म्हणायची, "बघ रं धुळाप्पा, गाडी मला वळखती. म्या आले की दिवा लावती!" दिवा मी लावत होतो, हे तिला ठाऊक नव्हतं. तरी मी फुगून जायचो.

समृद्धीला मागच्या काचेच्या बटणाचा भारी नाद. आजी बाहेर उभी राहून काचेला तोंड लावायची आणि "कूऽऽक" करायची. मग नात ते इवलंसं बोट बटणावर दाबून धरायची आणि मी काच उतरवायचो. पुन्हा वर, पुन्हा "कूऽऽक", पुन्हा खाली. धुळाप्पा एकदा वैतागला.

"आई, मोटर जळंल एखाद दिवशी. हिचं बटनच बंद करून टाकतो."

"ऱ्हाऊ दे रं. लेकरू खेळतंय, तुझं काय जातंय?" तारामती म्हणाली. बटण राहिलं.

आता भंडाऱ्याचं सांगतो. गाडी घरी आली, त्याच रविवारी तिला खंडोबाच्या देवळापाशी नेलं. "येळकोट येळकोट" झालं. तारामतीनं बोनेटवर भंडारा उधळला. मग दार उघडून तिनं एक मूठ आत, हवेच्या जाळीवरच टाकली आणि म्हणाली, "देव आत बी बसू दे." हळदीची ती पूड फार बारीक. फटीफटीतून झिरपत ती माझ्या अंगावर येऊन बसली. कोरडी होती, त्यामुळं त्रास काही झाला नाही. मायेनं कुणी अंगावर हात ठेवावा तसं वाटलं, खरंच सांगतो. मग दर रविवारी एक चिमूट ठरूनच गेली.

पुढं खंडेनवमी आली. हत्यारं, अवजारं, गाड्या धुऊन पुसून पुजायचा दिवस. करिश्माचा भाऊ रामहरी मदतीला आला होता. अंगात उत्साह मावत नव्हता त्याच्या. "दाजी, आतून बी लख्ख करतो का न्हाय बघा," असं म्हणून त्यानं विहिरीच्या मोटारीचा पाइप थेट गाडीच्या आत धरला. डॅशबोर्डवरून पाणी वाहिलं आणि इतक्या दिवसांचा भंडारा घेऊन माझ्यावर आलं. ज्या जोडातून साऱ्या तारा माझ्यात शिरतात, त्या जोडात पिवळा चिखल भरला. कारखान्यातल्या त्या बाईचे शब्द मला आठवले. वर गाडीला झेंडूची माळ घालत होते, पेढे वाटत होते. खाली मी भिजून बसलो होतो.

सुरुवात वायपरनं झाली. थंडीच्या दिवसांत, लख्ख उन्हात, पावसाचा थेंब नसताना वायपर आपोआप हलू लागले. कुणीही बटण दाबलं नव्हतं, तरी तारेतून निरोप आला होता. मग एकदा शाळेसमोर हॉर्न अडकला आणि पोरं कान धरून पळाली. आणि मग कुलुपं. खट् लागायची, खट् उघडायची. चिखल वाळला होता, पण जरा दमट हवा लागली की तो ओल धरायचा, आणि एका तारेचा निरोप दुसऱ्या तारेत उतरायचा. मला सगळं खरंच वाटायचं. मी हुकूम देत राहायचो.

गल्लीत बोलणं सुरू झालं, धुळाप्पाच्या गाडीच्या अंगात येतंय म्हणून. तारामतीचा जीव खालीवर झाला. तिनं काय करावं? आणखी भंडारा आणला, मूठमूठ जाळीत घातला आणि हात जोडले. "मल्हारी, सांभाळ रं बाबा." ती औषध म्हणून घालत होती, आणि माझं दुखणं वाढत होतं. ओरडून सांगावं असं फार वाटलं. पण डब्याला तोंड कुठलं?

धुळाप्पानं गाडी एका गॅरेजात नेली. तिथल्या माणसानं बॅटरीची तार काढून पुन्हा लावली. मी क्षणभर मेलो आणि परत आलो. थोडे दिवस सगळं ठीक चाललं, मग पुन्हा तेच. मग त्यानं एका दाराच्या कुलपाची मोटार बदलली. दारात दोष नव्हताच, त्यामुळं गुण आला नाही. झाकण काढून माझ्याकडं कुणी पाहिलं नाही. मी अंधारात एकच विचार करत बसायचो. उद्या कुलूप लावायचा खोटा निरोप आला आणि आत लेकरू असलं तर? हा विचार आला की मला पुढचं काही सुचायचं नाही.

आणि तसंच झालं, मित्रांनो. ऐन उन्हाळ्यात झालं.

धुळाप्पा, तारामती आणि समृद्धी लोहाऱ्याला पाहुण्यांकडं गेले होते. येताना बाजारात थांबले. वाटभर एसी चालू होता, त्याच्या गारव्यानं माझ्या जोडावर ओल धरली होती. जीपगाड्यांची धूळ उडत होती म्हणून काचा बंद. समृद्धी मागच्या सीटवर झोपलेली. धुळाप्पानं इंजिन बंद केलं, पण गाणं थांबलं तर लेक उठेल म्हणून चावी तशीच चालू ठेवली आणि तो औषधाच्या दुकानाकडं गेला. तारामती बाटली घेऊन समोरच्याच पाणपोईवर उतरली. दोन पावलांवर तर होती. तिनं नेहमीसारखं दार आपटलं.

त्या धक्क्यानं तारेतून निरोप आला. कुलूप लाव. मी लावलं. चारी दारं, खट्.

तारामतीनं परत येऊन दार ओढलं. उघडेना. दुसरं ओढलं. "धुळाप्पाऽऽ!" अशी तिनं हाक मारली की माझ्यापर्यंत आली. तो धावत आला. चावी आत, दुसरी चावी अणदूरला. माणसं गोळा झाली, काचा थापटू लागली. त्या आवाजानं समृद्धी जागी झाली, उठून मागच्या काचेशी आली आणि रडायला लागली. मागच्या दाराला आतून न उघडणारी खिट्टी लावलेली, लेकरू पडू नये म्हणून. आत उकाडा कोंडत चालला होता. माझं प्लास्टिक तापलं, मग त्या पोरीचं काय होत असेल? धुळाप्पानं दगड उचलून पुढच्या काचेवर घातला. दगड निसटला, काच तशीच राहिली. "टॉमी हाय का कुणाकडं? लोखंडी टॉमी आणा रं, काच फोडायला!" म्हणत तो जीपवाल्यांकडं पळाला. आणि तारेतून एकच निरोप येत होता. लाव, लाव, लाव. दार उघडायची माझी ताकद होती, पण तसं कुणी मला सांगतच नव्हतं. एवढी भीती मला कधी वाटली नाही.

समृद्धीचं रडणं बारीक होत गेलं.

तारामतीचा हात कमरेच्या भंडाऱ्याच्या पिशवीकडं गेला होता. हे ती नंतर सांगायची. पण पिशवी तशीच ठेवून ती गुडघ्यावर बसली आणि तिनं काचेला तोंड लावलं. मग साद घातली.

"कूऽऽक."

आत काही नाही.

"कूऽऽक गं माझे बाय. आज्जीला बघ. बटन दाब. कूऽऽक!"

मी त्या एका तारेकडं कान लावून बसलो. ती तार चिखलापासून बाजूला होती, स्वच्छ होती. आणि तिच्यातून ते इवलंसं बोट आलं. काच उतरव. मी होतं नव्हतं ते बळ लावून हुकूम दिला. काच वीतभर उतरली आणि थांबली, कारण बोट सुटलं होतं.

तोवर धुळाप्पा आला. त्यानं हात आत घालून कुलपाची खुंटी वर ओढली. तारेतून निरोप आला आणि मी ती खट्‌दिशी खाली पाडली. त्यानं पुन्हा ओढली, मी पुन्हा पाडली. लोक किंचाळले. मग त्यानं खुंटी वर ओढून बोटानं तशीच दाबून धरली आणि दुसऱ्या हातानं बाहेरून दार खेचलं. मी हुकूम देत होतो, मोटार घरघरत होती, त्याच्या बोटाची कातडी निघाली. पण बोट हललं नाही. दार उघडलं. त्या दिवशी मी हरलो, आणि हरल्याचा एवढा आनंद मला कधीच झाला नव्हता.

पाणपोईवर तारामतीनं नातीच्या डोक्यावर पाणी ओतलं. थोड्या वेळानं समृद्धी मोठ्यानं रडली, तेव्हा कुठं सगळ्यांच्या जिवात जीव आला.

रामहरी म्हणाला, "दाजी, भंगारात घाला ही गाडी. लेकरू खाणार हुती." मलाही ते पटलं होतं. पण धुळाप्पा गाडी नळदुर्गला घेऊन गेला, दीक्षाकडं. ती गाड्यांच्या वायरिंगचं काम करते. तारामती हट्टानं सोबत बसली. माझ्या लेकराला कशानं कोंडलं ते मला बघायचंय, म्हणाली.

दीक्षानं आधी बॅटरी तपासली, मग फ्यूज, मग अर्थिंगची तार. दाराच्या बिजागरीतून जाणारी तार तुटली असेल म्हणून तिनं तेही उघडलं. "न्हाय, माझा अंदाज चुकला," ती म्हणाली. मग तिनं स्कॅनर जोडला आणि मला विचारलं, तुला काय निरोप येतोय? आयुष्यात पहिल्यांदा मला कुणीतरी विचारत होतं. मी सगळं सांगितलं. पडद्यावर दिसलं, कुणी हात लावत नाही तरी 'कुलूप लाव' येतंय.

"मावशी, ह्यो डबा खोटं बोलत न्हाय. ह्यालाच कुणीतरी खोटं सांगतंय," दीक्षा म्हणाली. मला डोळे असते तर मी रडलो असतो.

तिनं झाकण काढलं आणि जोड उपसला. आत पिवळा वाळलेला थर, पितळी पिनांवर हिरवा गंज. तारामती खाली वाकली. वासावरूनच तिनं ओळखलं.

"ह्यो तर माझा भंडारा." तिनं खाली बसून तो जोड हातात घेतला. "म्याच घातला गं. बरं व्हावं म्हणून परत परत घातला. माझ्याच हातानं लेकराला..."

"निस्ता कोरडा असता तर एवढं झालं नसतं, मावशी. पाणी शिरलंय त्यात." दीक्षा तिच्याशेजारी बसली. "आन् लेकराला बाहेर बी तुमीच काढलं की. तेवढं इसरू नका."

दीक्षानं मऊ ब्रशनं तो पिवळा थर एका कागदावर उतरवला, पुडी बांधली आणि तिच्या हातात दिली. "पायदळी जायला नको," एवढंच म्हणाली. मग जोड नवा बसवला, माझ्या पिना साफ केल्या आणि मला कोरडं करून जागेवर लावलं. तारांमध्ये किती दिवसांनी शांतता पसरली.

आता भंडारा बोनेटवर लागतो. आत एक शिवलेली छोटी पिशवी आरशाला टांगली आहे, देव तिथं बसतो. रामहरी आतून पिळलेल्या फडक्यानं पुसतो. आणि तारामती गाडीतून उतरताना आधी नातीला काखेत घेते, मग चावी कमरेला खोचते, मगच दार लावते. तेही हळू.

मित्रांनो, मी दुरुस्त झालो, पण माझी भीती गेली नाही. दार लागलं की अजून धस्स होतं. म्हणून एक मागणं आहे. मला ओल लावू नका. गाडी भलतंच वागू लागली तर तिला बाधा झाली म्हणू नका. झाकण काढून माझ्याकडं बघा. आणि तुमची गाडी कितीही नवी असो, लेकराला माझ्या भरवशावर, एका क्षणासाठीही, आत ठेवून जाऊ नका. त्याचं रडणं मला ऐकू येतं. पण दार उघडायचा हुकूम मी माझा मला देऊ शकत नाही. त्याला कुणाचं तरी बोट लागतं.