पोल्सनचं मत

“नाव?”

“नाव काय विचारता, मास्तर? माझ्या चारी पोरांची नावं चर्चच्या वहीत तुम्हीच घातलीत.”

“कायदा आहे, ह्यू. नाव सांग.”

“ह्यू पोल्सन. वरच्या वाडीचं कूळ.”

“मत कोणाला?”

ह्यूने टोपी काढून काखेत धरली. खोकल्याची उबळ येऊ पाहत होती, ती त्याने गिळली आणि अगदी शांतपणे म्हणाला, “डन्बरला.” मग टोपी डोक्यावर चढवून तो मागच्या दाराने निघून गेला.

शाळेच्या त्या खोलीत तेव्हा जागा असा एकटा एनियास गन मास्तरच होता. शेरीफने पाठवलेला म्हातारा अधिकारी टेबलाच्या टोकाला जेवणानंतरची डुलकी काढत होता. नदीला पूर आल्यामुळे डन्बरचा माणूस पलीकडच्या काठावर अडकला होता. आणि जमीनदाराच्या कचेरीतला कारकून टेट, जो सकाळपासून गोचिडासारखा टेबलाला चिकटून प्रत्येक कुळाच्या तोंडाकडे बघत होता, तो नेमका गाडीतून कोण उतरतंय ते पाहायला अंगणात गेला होता. मास्तरांच्या हातात टाक होता. मत तोंडानेच सांगायचं असे, आणि ते लिहायचं पुस्तक पुढ्यात होतं, दोन रकान्यांचं. डावीकडे कॅप्टन, म्हणजे जमीनदाराचा पुतण्या, आणि उजवीकडे डन्बर.

सकाळपासून दरीतल्या सहा कुळांनी डन्बरचं नाव घेतलं होतं. दर वेळी टेटने आपल्या कागदावर फुली मारली होती. फुलीचा अर्थ काय होतो हे दरीतल्या शेळीलासुद्धा कळत होतं. ह्यूची बायको बार्बरा ही मास्तरांची धाकटी बहीण. घरात चार पोरं, अंथरुणाला खिळलेली सासू, आणि ह्यूच्या छातीत तो खोकला. जमीन गेली तर ही माणसं कुठल्या रस्त्याला लागणार?

टाक डावीकडे गेला. आपोआप गेला, असं मास्तर पुढे स्वतःला सांगत राहिले. ते खोटं होतं. टाक त्यांनी नेला.

टेट हात चोळत आत आला. “पोल्सन गेला वाटतं? काय म्हणाला?”

“कॅप्टन,” मास्तर वर न बघता म्हणाले.

“अरे वा! सातांत एकाला तरी अक्कल आहे म्हणायची.”

आर्डवेनी मतदारसंघात त्याआधीच्या छत्तीस वर्षांत मतदान म्हणून कधी झालंच नव्हतं. निवडणूक जाहीर व्हायची, जमीनदाराच्या घरातला कुणीतरी, भाऊ, मेहुणा, एकदा तर जावई, चौकात उभारलेल्या फळ्यांच्या मंचावर चढायचा, दुसरं नाव पुढे यायचं नाही, आणि मंडळी दुपारच्या आत घरी जेवायला. १८६८ साली कायदा बदलला. बऱ्यापैकी खंड भरणाऱ्या कुळांनाही मत मिळालं, आणि डन्बर नावाचा शहरातला धान्याचा व्यापारी उभा राहिला. माणूस बोलायला भलता रटाळ. पण कुळाला कारण दिल्याशिवाय जमिनीवरून काढता येऊ नये, हे एक वाक्य त्याच्या भाषणात असायचं, आणि तेवढं एक वाक्य ऐकायला लोक सात-सात मैल चालत जायचे.

मतदानाच्या आदल्या रविवारी दरीतली सात कुळं डन्बरला मत द्यायचं ठरवायला गिरणीत जमली. त्यांच्यात शपथ घ्यायची रीत नव्हती. बायबलवर हात ठेवून भलतंसलतं बोलणं त्यांना पाप वाटे. त्यांची रीत साधी होती. प्रत्येकाने अंगठा जिभेने ओला केला आणि शेजाऱ्याच्या अंगठ्यावर दाबला. घोड्याचा सौदा असाच व्हायचा, मेंढ्यांचा असाच, आणि त्यानंतर शब्द फिरवलेला माणूस कुणाच्या आठवणीत नव्हता. सातांतला वयाने सर्वात मोठा मरडॉख मनरो एवढंच म्हणाला, “गेलो तर सगळे जाऊ.”

कॅप्टन निवडून आला. चारशे सात विरुद्ध तीनशे अठ्ठ्याण्णव. आर्डवेनी नावाचा मतदारसंघ आता उरलेला नाही. पुढे तो शेजारच्या मुलखात विरघळून गेला आणि निकालांच्या जुन्या यादीत त्याच्यापुढे फक्त हे दोन आकडे आहेत. बाकी सगळ्या ओळींत ‘बिनविरोध’. नऊ मतांचा फरक, म्हणजे आपल्या एका मताने काही बिघडलं नाही, असं मास्तरांनी मनाशी ठरवलं आणि ते बरे झोपू लागले.

फेब्रुवारीत सहा घरी नोटिसा गेल्या. मेच्या पंधरा तारखेला घर रिकामं करून किल्ली कचेरीत आणून द्यावी. सातव्या घरी काही गेलं नाही. त्याच आठवड्यात कुणी कोणाला मत दिलं याची छापील यादी खानावळीच्या दारावर चिकटली, म्हणजे नोटिशीचं कारण वेगळं लिहायला नको.

दुसऱ्या दिवशी दुपारच्या सुट्टीत ह्यू शाळेत आला. यादी त्याने दारावरून सोलून आणली होती. पोरांच्या बाकावर ती पसरून त्याने आपल्या नावावर बोट ठेवलं.

“हे काय आहे, मास्तर?”

मास्तरांनी दार लावून घेतलं. “तू बस आधी.”

“बसायला आलो नाही. मी काय बोललो होतो तुमच्यासमोर?”

“ह्यू, बार्बराचा विचार केला मी. म्हातारीचा केला. तुला स्वतःला धड श्वास घेता येत नाही—”

“तुम्हाला कुणी सांगितलं होतं विचार करायला?” ह्यूचा आवाज चढला आणि पाठोपाठ खोकला सुटला. तो थांबेपर्यंत त्याने बाक धरून ठेवलं. मग तो हळू आवाजात म्हणाला, “आयुष्यात पहिल्यांदा मला कुणीतरी विचारलं, तुझं मत काय. मी सांगितलं. तेवढं एकच माझं होतं, मास्तर. जमीन त्यांची, घर त्यांचं, घरामागचा ओढासुद्धा त्यांचा.”

“आता काय करू म्हणतोस?”

“रविवारी चर्चच्या दारात उभं राहून सांगा. मी काय बोललो आणि तुम्ही काय लिहिलंत.”

 खोटी नोंद म्हणजे तुरुंग. तुरुंग नाही झाला तरी शाळा गेलीच, आणि शाळेबरोबर शाळेमागच्या दोन खोल्याही. बावन्नाव्या वर्षी दुसरं काय येतं आपल्याला? ते फळा पुसायला वळले. ह्यूने यादीची घडी केली, खिशात घातली आणि तो गेला. पुन्हा विचारायला म्हणून तो आला नाही.

आली ती बार्बरा. टोपलीत चार अंडी आणि ओटची भाकरी घेऊन आली. टोपली खाली ठेवायच्या आधीच म्हणाली, “दादा, तू गप्प राहा. तुझ्या पाया पडते.”

“तो माझ्याशी बोलत नाही, बार्बरा.”

“माझ्याशी तरी कुठे बोलतो? पण पोरांच्या डोक्यावर छप्पर आहे. तू केलंस ते बरं केलंस. आता उगाच साधुसंत व्हायला जाऊ नकोस.”

मास्तरांना हेच ऐकायचं होतं. भित्र्या माणसाला चांगलं कारण सापडलं की त्याच्यासारखा सुखी कोणी नसतो. त्या रात्री त्यांनी दोन अंडी खाल्ली.

ह्यूने मग आपलं आपणच सांगून पाहिलं. मनरोकडे गेला, गिरणीवर गेला, एकेका दारात उभा राहिला. सगळ्यांनी ऐकून घेतलं आणि सगळ्यांनी एकच विचारलं, “म्हणजे गन मास्तर खोटं लिहितात?” तीस वर्षं दरीतले जन्म, लग्नं आणि मरणं मास्तरांच्या अक्षरात नोंदली जात होती. कुणाचं पत्र आलं तर ते वाचायचे, कुणाचं भांडण झालं तर वहीत बघून निवाडा द्यायचे. मास्तरांचं पुस्तक खोटं मानायचं, तर आपल्या बापाच्या मरणाची तारीखही खोटी मानावी लागली असती. त्यापेक्षा ह्यू पोल्सन खोटा, हे सोपं होतं.

एप्रिलच्या बाजारात ह्यूने अकरा मेंढ्या नेल्या. भाव ठरला, त्याने अंगठा ओला करून पुढे केला, आणि समोरच्या माणसाने हात कोटाच्या खिशात घातले. मेंढ्या परत आल्या. हे मास्तरांना शाळेतल्या पोरांकडून कळलं. पोरं अशा गोष्टी फार आनंदाने सांगतात.

पंधरा मेला सकाळी कचेरीतून बोलावणं आलं. मास्तर पोहोचले तेव्हा सहाही कुळं भिंतीला लागून उभी होती. टेबलावर सहा किल्ल्या होत्या. आणि टेबलासमोर ह्यू उभा होता, हातात सातवी किल्ली घेऊन.

कारभारी लॉकहार्ट हसत होता. “या मास्तर. तुमच्या मेहुण्याला समजवा जरा. म्हणतो, मी डन्बरला मत दिलं, मलाही काढा. मी म्हटलं, बाबा रे, पुस्तक तुझ्या बायकोच्या भावाने लिहिलंय, त्यालाच विचारू. बोला. काय ऐकलंत त्या दिवशी?”

 ह्यू मास्तरांकडे बघत होता. त्याच्या नजरेत राग नव्हता. राग असता तर मास्तरांना बरं वाटलं असतं. नुसती वाट बघत होता तो, मतदानाच्या दिवशी टेबलासमोर उभा होता तसाच.

“पुस्तकात आहे तेच,” मास्तर म्हणाले.

“ऐकलंस?” लॉकहार्टने त्याला किल्ली परत घेऊन जायची खूण केली. ह्यूने ती इतर सहांच्या शेजारी ठेवली, नीट, ओळीत. “मग कारण नसताना चाललो असं लिहा,” तो म्हणाला.

दुपारी मास्तर शाळेत उभे होते. बाकं निम्मी रिकामी होती. खिडकीतून खालचा रस्ता दिसत होता. बंदराकडे जाणाऱ्या सहा गाड्या एकमेकींना लागून चालल्या होत्या. मग बरंच मोकळं अंतर. मग सातवी. तिच्यात गादीवर म्हातारी, तिच्या उशाशी बार्बरा, पायाशी चारी पोरं, आणि घोड्याच्या तोंडाशी ह्यू.

मास्तरांनी खडू ठेवला. पोरांना काहीच न सांगता ते बाहेर पडले आणि उतारावरून धावत सुटले. बावन्न वर्षांचा तो माणूस पुलापाशी पोहोचला तेव्हा त्याला बोलवत नव्हतं. पुढच्या गाड्या पुलाखाली घोड्यांना पाणी पाजायला थांबल्या होत्या.

“मनरो,” मास्तर धापा टाकत म्हणाले, “तो डन्बरच म्हणाला होता. मी ऐकलं. मी खोटं लिहिलं. सकाळीही मी खोटंच बोललो. त्याने शब्द मोडला नाही.”

मनरोने त्यांच्याकडे पाहिलं. बाकीचे पाचही जवळ आले. मास्तरांना वाटलं, आता कुणीतरी तोंडावर थुंकेल, आणि थुंकावंच असं त्यांना मनापासून वाटत होतं.

पण मनरोने त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. “मास्तर, दम घ्या,” तो मायेने म्हणाला. “बहीण चालली, जीव तुटणारच. आम्हाला का कळत नाही? सकाळी साहेबासमोर खरं बोललात. आता तिच्यासाठी एवढं खोटं बोलायला धावत आलात. तुमचा आम्हाला राग नाही.”

“नाही हो, मनरो, देवाशपथ—”

“असू द्या. देवाला मध्ये आणू नका. तुमच्यासारख्या माणसाला शोभत नाही.”

मास्तर सहाजणांच्या तोंडाकडे आळीपाळीने बघत राहिले. सगळ्यांच्या डोळ्यांत त्यांच्याविषयी नुसती कीव आणि आदर होता.

ते मागे वळले. ह्यूची गाडी पन्नास पावलांवर थांबली होती. त्याने सगळं ऐकलं होतं. मास्तर दोन पावलं पुढे गेले तेव्हा त्याने मान हलवली. “पुरे, मास्तर. शाळेत जा. पोरं एकटी आहेत.” बार्बराने सासूच्या अंगावरचं पांघरूण सारखं केलं. तिने भावाकडे पाहिलं नाही.

ह्यूच्या घोड्यालाही तहान लागली होती. तो पाण्याच्या वासाने पुढे ओढत होता. ह्यू लगाम घट्ट धरून तिथेच उभा राहिला, पुढच्या सहा गाड्यांचे घोडे पाणी पिऊन रस्त्याला लागेपर्यंत.