करंगळीची अक्षरं

“हे मी लिवलंच नाई!” भगवंतराव संगणकाच्या पडद्याकडे हात करून ओरडले आणि त्यांच्या कपातला चहा माझ्या पायजम्यावर सांडला. माझ्या थापा साऱ्या अमरावतीला ठाऊक आहेत. ही मात्र त्यातली धरू नका.

भगवंतराव भौतिकशास्त्राचे निवृत्त प्राध्यापक. अणू, संगणक आणि माहितीयुग यांवर एकच जाडजूड पुस्तक तीस वर्षं लिहीत होते. टाइप करायच्या दामिनीबाई. त्यांचा वेग असा, की कीबोर्डवर पापड भाजून घ्यावा! फॉन्ट अकोल्याच्या बुधाजीनं घरी बनवलेला; कोणत्या इंग्रजी कळीला कोणतं मराठी अक्षर, हे त्यानंच ठरवलेलं. ‘संगणकात गेलेली माहिती अमर होते,’ असं भगवंतरावांनी एका प्रकरणात ठणकावलं आणि शब्दाला जागून हाताच्या वह्या रद्दीत घातल्या.

आता प्रकाशक मिळाला, तर तो फॉन्ट नसलेल्या नव्या संगणकावर नुसती इंग्रजी अक्षरांची खिचडी.

“बुधाजीले फोन लाव ना,” मी म्हणालो.

“मसणात रेंज येते का बे?”

बुधाजी गेला, फॉन्टही गेला. शेवटी धामणगावहून दामिनीबाईंना बोलावलं. त्या आल्या काठी टेकत. लकव्यानं डावी करंगळी कायमची मेलेली.

“काही याद हाये का, दामिनीबाई?” भगवंतरावांनी खुर्ची पुढं सरकवली.

“मले नाई, सर. बोटायले असंन.”

त्यांनी नजर पडद्यावरच्या इंग्रजी अक्षरांवर रोखली आणि हात टेबलावर ठेवले. बोटं लाकडावर नाचू लागली, तसे ओठ हलले. “पदार्थ... जळतो... तेव्हाही...” भगवंतराव नव्या वहीत भराभरा उतरवू लागले. मध्येच आवाज थांबला.

“इथं काय?”

“थे डाव्या करंगळीचं हाये.” दामिनीबाईंनी करंगळी उजव्या हातानं उचलून टेबलावर मांडली. “हे नाई बोलून राहिली, सर.”

“अंदाजानं भर ना, भगवंता,” मी म्हणालो. “तुहंच तर हाये.”

“मले आठवत असतं, तर यायले कायले तरास देला असता?” ते वर न बघता म्हणाले. “अन् अंदाज म्हणजे माहिती नाई.”

दिवेलागणीपर्यंत एक पान झालं. बाकी अकराशे. दामिनीबाई बोटं चोळत बसल्या होत्या. मी वही ओढून पाहिली. ओळींमध्ये जागोजाग कोरी भोकं होती, आणि ती भगवंतरावांनी एका अक्षराएवढी, पट्टीनं मोजून सोडली होती.