घटक्याने धरलेली दुपार

मित्रांनो, मी एक म्हातारा घटक्या आहे. घटक्या ही सापाचीच जात, पण माझं अंग आंब्याच्या खोडाएवढं जाड आहे आणि मी पूर्ण पसरलो तर शेताच्या या बांधापासून त्या बांधापर्यंत पोचतो. डोळखांबच्या वरच्या जंगलात, एका पाड्यामागच्या कपारीत मी राहतो. मला विष नाही. मी ज्याच्याभोवती वेटोळं घालतो, त्याची वेळ मुंगीच्या पावलाने चालू लागते. बाहेर चुलीवर भात शिजून होतो, तेव्हा आत एक श्वास पुरा होतो.

हे फुकट होत नाही. दुसऱ्याची धरून ठेवलेली वेळ माझ्या आयुष्यातून जाते. आम्ही पूर्वी सात भावंडं होतो. दोघं अशीच दुसऱ्यांसाठी झिजून गेली. बाकीची खडी काढायच्या सुरुंगात गेली. आता मी एकटाच उरलो आहे.

पाड्यावर कोणाला साप चावला की लोक त्याला माझ्याकडे आणत. मी वेटोळं घाली. एक म्हातारं माणूस जवळ बसे आणि बाकीचे सगळे पळत सुटत. किन्हवलीपर्यंत पायी जाऊन औषध घेऊन येत. बारा माणसं मी अशी धरली आणि त्यातली नऊ आपल्या पायांनी घरी गेली. लोक मला अंडी ठेवत, नाचणीची भाकर ठेवत. भाकर मी खात नाही, पण ठेवलेली बघून बरं वाटायचं.

मग पाड्यात फोन आले. लोक माझ्याकडे येईनासे झाले. मला त्याचं दुःख नव्हतं. फोन माझ्यापेक्षा बरा, असंच मला वाटत होतं.

यंदा भातकापणीत ठमीला घोणस चावली. ठमी तीस वर्षांची होती. कापून टाकलेल्या भाताखाली घोणस बसली होती आणि ठमीचा पाय नेमका तिच्यावर पडला. गाडी येईपर्यंत मी धरावं म्हणून तिचा नवरा मनोज आणि सासू लहानी तिला उचलून माझ्याकडे घेऊन आले. ठमी वाटेतसुद्धा बोलत होती.

"हळू धर रे. मी काय भाताचा भारा हाय?"

"भारा हलका असतो," मनोज म्हणाला.

"गप रावा दोघं," लहानी ओरडली. "हसशील तर अंगात चढंल गो."

मी तिच्याभोवती वेटोळं घातलं. तिचा सुजलेला पाय माझ्या अंगाला लागला, तेव्हा तो चुलीतल्या दगडासारखा तापला होता. हळूहळू तिचा श्वास लांबला. ऊन माथ्यावर होतं. तरुणपणी मी दोन दिवस धरू शकत होतो. आता ऊन डोंगराआड जाईपर्यंत धरेन, एवढंच बळ मला होतं.

मनोजने माझ्याजवळच उभं राहून दवाखान्याच्या गाडीसाठी फोन लावला. लहानीने त्याचा दंड धरला. "नाव घेऊ नको रं. नाव घेतलं का ते अंगात धावतं."

इकडे साप चावलेल्या माणसाजवळ कोणी साप म्हणत नाही. पान लागलं, असं म्हणतात. मनोजही तेच म्हणाला.

"गाडी पाठवा. बाईला पान लागलंय."

पलीकडचा माणूस शहरातला असावा, त्याला खायचं पान वाटलं. "पान लागलंय? चक्कर येते का?"

"येते. घाम पण सुटलाय."

"घाबरू नका. सावलीत झोपवा, लिंबू-सरबत पाजा. बघतो." फोन बंद झाला.

"काय बोलला?" लहानीने विचारलं.

"बघतो बोलला. येते गाडी. सरबत पाजा बोलला."

"पान लागल्यावर सरबत?"

"आता नवीन औषधं निघाली आये. तुला काय ठावं?"

लहानी म्हणाली, "झोळी बांध. सडकेपर्यंत नेऊ तिला."

मनोजने ठमीकडे पाहिलं. ती शांत निजल्यासारखी दिसत होती. "कशाला हलवायची? घटक्याने धरलीय ना? टाइम हाय आपल्याकडं."

दोघं बसले. माझं बळ ऊन असेतोवरच आहे, हे मी त्यांना सांगू शकत नव्हतो. सावली लांब होत गेली आणि माझ्या अंगावरचे खवले एकेक करून पांढरे पडले. गाडी आली नाही.

ऊन डोंगराला टेकलं, तेव्हा मनोजने पुन्हा फोन लावला. या वेळी लहानीनेच तो ओढून घेतला आणि ती ओरडली, "साप चावला माझ्या सुनंला! साप! साप!"

"साप? मग दुपारी पान का म्हणालात, आजी? गाडी सोडतो लगेच."

त्याच वेळी माझं वेटोळं सुटलं. मी सोडलं नाही, ते सुटलं. दुपारभर अडलेली वेळ ठमीच्या अंगात एकदम धावली. त्यांनी लुगड्याची झोळी केली आणि ते पळत निघाले. लांबचं मी जमिनीतून ऐकतो. उतारावरून चार पावलं धावताना मी ऐकली. ओढा ओलांडला तरी ती धावत होती. मग सडकेच्या अलीकडच्या वळणावर ती सावकाश झाली. नंतर थांबली.

तेराव्या दिवसानंतर लहानी एकटी आली. तिने अंडं आणलं नव्हतं. माझ्यासमोर बसून ती म्हणाली, "सापा, तू धरली म्हणून आमी बसलो रे."

ती खरं बोलली. मी नसतो, तर ते दुपारीच झोळी घेऊन धावले असते. सडक फक्त तासाभराच्या चालीवर आहे.

मित्रांनो, साप चावला तर साप चावला असंच म्हणा. मोठ्याने म्हणा, दोनदा म्हणा, आणि गाडी येते म्हणाले तरी तिच्या दिशेने निघा. आमची काळजी घ्या, आम्हाला विसरू नका, असं माझ्यासारखे सगळे जुने जीव सांगतात. मी तसं सांगणार नाही. माझ्या कपारीकडे येणारी वाट गवताने बुजू द्या. सडकेकडे जाणारी वाट तेवढी साफ ठेवा.